दूध पाजणारीं जनावरें : त्यांचीं लक्षणें व त्यांचीं कुळें

ज्या जनावरांच्या जिवावर आपली शेती व आपलें घर चालतें त्यांचें कूळ कोणतें, असा प्रश्न शेतकऱ्यास सहसा पडत नाहीं. आम्हांसहि तो पडला नव्हता. आमचें सारें आयुष्य महसूल खात्याच्या दफ्तरांत गेलें. जमिनीची प्रत लावणें, जिरायत-बागायत वेगळी करणें, पीकपाहणीचे रकाने भरणें, एवढेंच वर्गीकरण आम्हांस ठाऊक. परंतु दोन वर्षांमागें आमच्याच गोठ्यांत एक प्रसंग घडला, आणि प्राण्यांच्या वर्गीकरणावर प्रसंगीं माणसाचा जीव अवलंबून असतो हें आमच्या ध्यानांत आलें. तोच प्रसंग प्रथम सांगतों.

आषाढाचे दिवस होते. आमची दुभती म्हैस एकाएकीं चारा खाईनाशी झाली. तोंडांतून लाळेच्या तारा गळूं लागल्या, आवाज घोगरा झाला, आणि पाणी पुढें केलें असतां तें तिला गिळतां येईना. घशांत कांहीं तरी अडकलें असावें असें समजून आमच्या धाकट्या बंधूंनीं बाही वर सारून कोपरापर्यंत हात तिच्या तोंडांत घातला. हाताला कांहींच लागलें नाहीं. दांतांवर घासून दोन-चार ओरखडे मात्र आले. सायंकाळीं पशुवैद्य आले. त्यांनीं लांबूनच म्हैस पाहिली, हात कोणीं घातला तें विचारलें, आणि मग, “या म्हशीस मागें केव्हां कुत्रा चावला होता काय?” असा प्रश्न केला. आम्हीं सर्वांनीं एकमुखानें नाहीं म्हणून सांगितलें. तेव्हां आमच्या भावजयीस आठवण झाली कीं, सुमारें दोन महिन्यांपूर्वीं भर दुपारीं एक मुंगूस गोठ्यांत शिरलें होतें, तें माणसास भ्यालें नाहीं, आणि म्हशीच्या नाकपुडीस डसून लोंबकळलें होतें; खराट्यानें मारून त्यास सोडवावें लागलें. मुंगूस दिसणें हा शुभशकुन, म्हणून त्या गोष्टीचा पुढें कोणी उच्चारहि केला नाहीं. “पण मुंगूस म्हणजे कांहीं कुत्रा नव्हे,” असें आम्हीं म्हणालों. त्यावर पशुवैद्यांनीं जें उत्तर दिलें तें आम्ही विसरणार नाहीं. ते म्हणाले, “अण्णा, जें जनावर आपल्या पिलांस दूध पाजतें त्या प्रत्येकास हा रोग होऊं शकतो. मुंगूस दूध पाजतें कीं नाहीं, तेवढें सांगा.”

म्हैस पांचव्या दिवशीं मेली. बंधूंस घेऊन आम्ही त्याच रात्रीं एका दवाखान्यांत गेलों, तर तेथें नोंद करणाऱ्या इसमानें आम्हांस परत पाठविण्याची तयारी केली. कारण त्याच्या कागदांत ‘कुत्रा चावला’ असा रकाना होता आणि आमच्या बंधूंस कुत्रा चावला नव्हता. रकान्यांत न बसणारी गोष्ट घडलीच नाहीं असें मानण्याची खोड कारकुनास असते. ती आमच्याहि अंगीं होती, सबब त्या इसमास दोष देतांना आम्हांस थोडा संकोच वाटतो. पुढें डॉक्टर स्वतः आले व त्यांनीं ओरखडे साबणानें आणि वाहत्या पाण्यानें पंधरा मिनिटें धुवून घेतले, जखमेंत सीरम टोचलें व लशीचे दिवस लावून दिले: पहिली त्याच दिवशीं, मग तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या व अठ्ठाविसाव्या दिवशीं. बंधु आज सुखरूप आहेत. दूध आम्ही उकळून चहांत घेतलें होतें, त्याची भीति नाहीं असें डॉक्टरांनीं सांगितलें. कच्चें मात्र कोणीं प्यालें असल्यास तें कळवावें अशी ताकीद दिली. रेडकू वेगळें बांधून त्यासहि लस टोचविली. तें आतां दोन दांतीं आलें आहे.

हा प्रसंग निवल्यावर आम्हीं पशुवैद्यांकडून पुस्तकें मागून घेतलीं, आणि दूध पाजणारीं जनावरें, म्हणजे ज्यांस शास्त्रांत सस्तन प्राणी म्हणतात तीं, कोणतीं व कशावरून ओळखावींत, याचा जमेल तितका अभ्यास केला. त्यांतून जें हातीं लागलें तें आतां सादर करितों.

आपल्याकडील जुनी वांटणी सर्वांस ठाऊक आहे: जारज, अंडज, स्वेदज व उद्भिज्ज. जारज म्हणजे वारेसह जन्मणारे. गाय व्याल्यावर वार पडली कीं नाहीं हें पाहण्यासाठीं रात्र जागविलेल्या शेतकऱ्यास हा शब्द समजावून सांगावयास नको. ही वांटणी डोळ्यांनीं पाहून केलेली आहे व बव्हंशीं ती खरीहि ठरते. वटवाघूळ उडतें तरी जारज, आणि देवमासा पाण्यांत राहतो तरी जारज. मनुस्मृतींत जारजांची जी यादी आहे तींत राक्षस व पिशाच हेहि घातले आहेत. त्यांची तपासणी करण्याचें काम मात्र पुढें कोणीं हातीं घेतल्याचें दिसत नाहीं.

युरोपांत लिनियस नांवाच्या स्वीडिश वैद्यानें ही पाहणी नव्यानें केली. सन १७३५ च्या त्याच्या पहिल्या पुस्तकांत या वर्गाचें नांव ‘चतुष्पाद’ असें होतें आणि देवमासा माशांत घातला होता. सन १७५८ च्या दहाव्या आवृत्तींत त्यानें पायांची गणना सोडून स्तन हें लक्षण धरिलें, वर्गास त्यावरूनच नांव दिलें, आणि देवमाशास माशांतून काढून गाई-म्हशींच्या वर्गांत आणिलें. त्याचीहि मोजणी सर्व ठिकाणीं बरोबर उतरली असें नाहीं. गेंडा त्यानें उंदरांच्या गणांत टाकिला, व वटवाघळास छातीवर दोन स्तन असतात एवढ्यावरून त्यास मनुष्य व माकड यांच्या पंक्तीस बसविलें. पहिल्या मोजणींत बांध चुकतातच.

आतां लक्षणांकडे वळूं. रक्त उष्ण असणें व हृदयास चार कप्पे असणें हीं लक्षणें पक्ष्यांतहि आढळतात, म्हणून केवळ त्यांवर निकाल देतां येत नाहीं. खुद्द सस्तनांचीं म्हणतां येतील अशीं लक्षणें तीन: दूध, केस आणि कानांतील तीन हाडें.

दुधाविषयीं शंका अशी येईल कीं, कबूतरहि आपल्या पिलांस दुधासारखा पदार्थ भरवितें. तो पदार्थ गळ्याच्या पिशवींतून येतो. त्यास सड नाहीं, कास नाहीं, सबब तें दूध नव्हे. उलट ऑस्ट्रेलियांत प्लॅटिपस नांवाचा एक प्राणी आहे, त्यास बदकासारखी चोंच आहे आणि तो अंडीं घालतो. परंतु अंड्यांतून निघालेलीं पिलें आईच्या पोटावरील कातडींतून पाझरणारें दूध चाटून वाढतात. सन १७९९ च्या सुमारास त्याचें कातडें प्रथम विलायतेंत गेलें, तेव्हां कोणीं तरी बदकाची चोंच शिवून लबाडी केली आहे असा संशय तेथील विद्वानांस आला. तो अंडीं घालतो हें सन १८८४ पर्यंत नक्की ठरलें नव्हतें. प्लॅटिपस व त्याच्या भाऊबंदांपैकीं एकिडना मिळून असे पांचच प्राणी आज जगांत आहेत. चांगल्या गटांत थोडा पोटखराबा असतो, त्यासारखे ते. गट नंबर मात्र सस्तनांचाच. त्याच देशांतील कांगारूची तऱ्हा आणखी निराळी. त्याचें पिलूं सुमारें तेहतीस दिवसांतच जन्मतें, बोटाच्या पेराएवढें असतें, आणि उरलेली वाढ आईच्या पोटावरील पिशवींत सड तोंडांत धरून पुरी करितें. आपल्या शेळीचे पांच महिने, गाईचे सव्वानऊ, म्हशीचे सव्वादहा व घोडीचे अकरा हे हिशेब पाहिले म्हणजे वारेचें काम काय आहे तें उमगतें: कांगारूचें पिलूं जें पिशवींत भोगतें तें आपलें वासरूं पोटांतच भोगून बाहेर येतें आणि तासाभरांत उभें राहतें.

केसांची गोष्ट मोठी मौजेची आहे. हत्तीच्या अंगावर तुरळक केस असतात हें आपण पाहतों. देवमाशाच्याहि तोंडावर, निदान जन्मापूर्वीं तरी, कांहीं केस असतातच. साळिंदराचे कांटे हे केसच होत. खवले मांजराचे खवले माशाच्या खवल्यांपैकीं नव्हेत. आपलीं नखें व केस ज्या द्रव्याचे आहेत त्याच द्रव्याचे ते बनलेले असून मधून मधून खरे केसहि दिसतात. गेंड्याच्या शिंगांत हाड नाहीं, तेंहि याच द्रव्याचें. बैलाचें शिंग वरून याच द्रव्याचें पण आंत हाडाचें. म्हणूनच शिंगें तासतांना हात जड पडला तर रक्त येतें. हरणांपैकीं सांबर व चितळ यांचीं शिंगें मात्र निव्वळ हाडाचीं असतात व दरवर्षीं गळून पडतात; काळविटाचीं गळत नाहींत, कारण तो बैलाच्या कुळांतला.

तिसरें लक्षण डोळ्यांस दिसत नाहीं, पण पंडितांचा सर्वांत अधिक भरंवसा त्यावर आहे. सस्तनांच्या खालच्या जबड्याची प्रत्येक बाजू एकाच हाडाची असते. सरडा किंवा मगर यांच्या जबड्यांत तींच अनेक हाडें असतात. तीं जास्तीचीं हाडें गेलीं कोठें? तीं कानांत गेलीं. हातोडी, ऐरण व रिकीब अशीं तीन बारीक हाडें आपल्या कानांत आहेत, त्यांपैकीं हातोडी व ऐरण हीं पूर्वजांच्या जबड्याच्या सांध्यांतलीं. गर्भाची वाढ पाहून हें एका जर्मन शास्त्रज्ञानें सन १८३७ मध्यें दाखविलें, आणि पुढें खडकांत सांपडलेल्या सांगाड्यांनीं त्यास पुरावा दिला. मानेंतील मणके बहुतेक सर्व सस्तनांत सात, मग तो उंट असो, उंदीर असो कीं देवमासा असो. अपवाद अमेरिकेंतील स्लॉथ व पाण्यांतील मॅनाटी एवढेच.

दांतांविषयीं शेतकऱ्यास आम्हीं काय शिकवावें! बाजारांत बैलाचें तोंड उघडून आदत, दोन दांती, चार दांती, सहा दांती कीं जुळलेला हें जो क्षणांत सांगतो, तो सस्तनांचें एक मोठें लक्षणच वाचीत असतो. मगरीस दांत पडून पुनः पुनः येत राहतात. सस्तनांस बहुधा दोनच वेळां, एकदां दुधाचे व एकदां कायमचे. दुधावर वाढणाऱ्या लहान तोंडास लहान दांत व मोठ्या तोंडास मोठे, अशी ती सोय आहे. त्यांतहि कापणारे, फाडणारे व दळणारे असे दांत निरनिराळ्या घडणीचे, आणि ते मोजूनच कूळ ठरवितां येतें. गाय, म्हैस, शेळी यांस वरच्या जबड्यांत पुढचे दांत नसतात. उंदीर, घूस, खार, साळिंदर यांचे पुढचे दांत जन्मभर वाढतात, म्हणून त्यांस कांहीं तरी कुरतडीत राहणें भागच असतें. चिचुंदरीचे दांत पाहावे तर बारीक व टोंकदार. तिची उंदराशीं सोयरीक नाहीं, झुरळें व किडे हें तिचें मुख्य खाणें. आमच्या घरीं धान्याच्या कोठारांत सांपळ्यांत सांपडली कीं ती उंदराबरोबरच मारली जात असे. आतां आम्ही ती सोडून देतों. वासाची तक्रार घरांतील मंडळी अद्याप करितात.

जिल्हा, तालुका, गांव, गट नंबर अशी उतरती भाजणी जशी जमिनीची, तशीच वर्ग, गण, कुल, प्रजाति, जाति अशी प्राण्यांची आहे. सस्तनांच्या वर्गांत आज सुमारें साडेसहा हजार जाति नोंदल्या आहेत. त्यांपैकीं शेंकडा चाळीसच्या आसपास एकट्या कुरतडणाऱ्यांच्या गणांत, आणि शेंकडा वीसच्या आसपास वटवाघळांच्या. आपल्या देशांतील अशी पद्धतशीर पाहणी मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीनें सन १९११ मध्यें हातीं घेतली, व तिचा पहिला अहवाल आपल्या खानदेशचा आहे, हें वाचून आम्हांस विशेष समाधान झालें.

अलीकडे रक्तामांसांतील अनुवंशद्रव्य तपासून भाऊबंदकी ठरविण्याची रीत निघाली, तेव्हांपासून कित्येक जुने फेरफार रद्द करावे लागले आहेत. तरस दिसतें कुत्र्यासारखें, परंतु तें आणि मुंगूस दोघेहि मांजराच्या बाजूचे. खवले मांजरास मांजर म्हणणें चुकीचें खरें, तथापि मांसभक्षकांचा गण हाच त्याचा सर्वांत जवळचा शेजारी ठरला. रोही, ज्यास नीलगाय म्हणतात, तिला कोणी हरिण म्हणतो. पण ती काळविटाहून गाईस अधिक जवळ आहे. तिच्या नांवांत गाय घालणाऱ्या आमच्या वाडवडिलांस अगदींच अडाणी म्हणतां येत नाहीं. मात्र गाईशीं तिचा संकर होत नाहीं, आणि हरभऱ्याच्या शेतांत तिचा कळप एकदां उतरला म्हणजे हें नातें आठवून कोणास समाधान वाटत असेल असें नाहीं.

सर्वांत नवल देवमाशाचें. दोन खुरांचीं जनावरें, म्हणजे गाय, शेळी, डुक्कर, उंट यांचा जो गण, त्यांतच देवमासा व डॉल्फिन हे मोडतात. घोडा गाईस जितका जवळ त्याहून ते जवळ. याचा एक मोठा पुरावा आपल्याच देशांतून मिळाला. ए. रंगा राव या भारतीय भूगर्भशास्त्रज्ञानें जम्मू-काश्मीरमधील कालाकोट येथून खडक जमविले होते. त्यांच्या मृत्यूनंतर तीं दगडें उघडलीं, तेव्हां मांजराएवढ्या एका खुरी प्राण्याची कवटी निघाली आणि तिच्या कानाचें हाड देवमाशाच्या कानासारखें जाड आढळलें. सन २००७ मध्यें तें प्रसिद्ध झालें. तो प्राणी सुमारें पावणेपांच कोटि वर्षांपूर्वींचा आहे.

मनुष्याचें कूळ विचाराल तर गाईहून उंदीर आपणांस जवळ, आणि वटवाघूळ उंदराहून गाईस जवळ. हें आम्हीं प्रथम वाचलें तेव्हां छापण्यांत चूक असावी असें वाटून पशुवैद्यांस विचारलें, चूक नव्हती.

वटवाघळाचा विषय निघाला तो आमच्या गांवांत ताजा आहे. सन १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यांत पांचवी अनुसूची उपद्रवी प्राण्यांची होती, आणि तींत कावळा, उंदीर व घुशी यांच्या जोडीस फळें खाणारीं वटवाघळें घातलीं होतीं. सन २०२२ च्या दुरुस्तीनें ती अनुसूचीच काढून टाकिली. ही दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून अंमलांत आहे. परंतु कायदा बदलला तरी गांवाची नजर तीच राहिली. उंदरी तीन आठवड्यांत वितें व एका वेळीं सहा-आठ पिलें देते. वटवाघळाची मादी बहुधा वर्षांतून एकदां वा दोनदां वितें व एकच पिलूं देते, आणि तेंहि छातीशीं धरून उडतें. म्हणजे एकदां झाडावरील थवा मारला तर तो भरून यावयास उंदरासारखा हंगाम पुरत नाहीं. लहान जातीचीं वटवाघळें रात्रभर किडे खातात. मोठीं फळें खातात, द्राक्षें व पेरू यांची नासाडी करितात, हें आम्ही नाकारीत नाहीं. पण मोहाचीं व सावरीचीं फुलें फळतात तीं बरीचशीं त्यांच्याच येण्याजाण्यानें. त्यांस हात मात्र लावूं नये. तींहि दूध पाजणारींच, तेव्हां पशुवैद्यांचा नियम त्यांसहि लागू, आणि केरळांत सन २०१८ मध्यें निपाह नांवाचा जो घातक ताप आला त्याचें मूळहि फळें खाणाऱ्या वटवाघळांतच सांपडलें. खालीं पडलेलें उष्टें फळ मुलांनीं खाऊं नये.

चाव्याविषयीं एवढें लिहून ठेवितों. कुत्रा, मांजर, कोल्हा, लांडगा, मुंगूस, माकड, वटवाघूळ यांपैकीं कोणीहि चावलें किंवा त्यांची लाळ ओरखड्यास लागली, तर जखम साबणानें पंधरा मिनिटें धुवून त्याच दिवशीं दवाखाना गांठावा. चावलेलें जनावर गोठ्यांतलें असेल तर त्यास लस तत्काळ टोचवावी, आणि पुढें तें चारा सोडून लाळ गाळूं लागलें तर घशांत हात घालूं नये. उंदीर, खार व ससा यांच्या चाव्यानें हा रोग झाल्याचें सहसा आढळत नाहीं, तरी डॉक्टरांस विचारून घ्यावें. साप, सरडा, कोंबडा यांपासून तो मुळींच होत नाहीं. त्यांस सड नाहींत.

आमच्या गांवच्या ओढ्याकाठीं मोठा वड आहे व त्यावर कित्येक वर्षें वटवाघळांची वस्ती आहे. गेल्या ग्रामसभेंत तो तोडावा असा ठराव द्राक्षवाल्या मंडळींनीं आणिला, तेव्हां वर लिहिलेला मजकूर आम्हीं तेथें वाचून दाखविला. कांहींनीं ऐकलें, कांहीं हंसले. ठराव तूर्त तहकूब आहे. बागेवर जाळें पसरल्यास द्राक्षें वांचतील हें दोन्ही बाजूंस मान्य झालें. जाळ्याचा खर्च बागवाल्यानें सोसावा कीं पंचायतीनें, यावर पुढच्या महिन्यांत पुनः बैठक आहे.